वैद्यकदेवतेचा खलनायक कसा झाला? रुपेरी पडद्यावरील इजिप्तच्या पुराकथा

इमहोतेप हे नाव बहुतेक चित्रपटरसिकांना ‘द ममी’ या हॉलिवूडपटामुळे ठाऊक आहे. थडग्यातून उठून सूड उगवणारा शापित पुरोहित, ही त्याची पडद्यावरील ओळख. इतिहासातील इमहोतेप मात्र अगदी निराळा होता. सुमारे ४,६०० वर्षांपूर्वी होऊन गेलेल्या जोसेर राजाचा तो प्रमुख अधिकारी. सक्कारा येथील पायऱ्यांच्या पिरॅमिडचे, म्हणजे इजिप्तमधील पहिल्या भव्य दगडी वास्तूचे, श्रेय त्याला दिले जाते. मृत्यूनंतर शतकानुशतके त्याची कीर्ती वाढत गेली आणि अखेरीस तो देवपदाला पोहोचला. आजारी माणसे त्याला नवस बोलत. ग्रीकांनी त्याच्यात आपल्या अ‍ॅस्क्लेपिअस या वैद्यकदेवतेचे रूप पाहिले. ज्याच्याकडे लोक आरोग्य मागत, त्याचेच नाव सिनेमाने आधी १९३२ मध्ये आणि पुन्हा १९९९ मध्ये खलनायकाला दिले.

हा केवळ एका नावाचा अपघात नाही. प्राचीन इजिप्तची जी प्रतीके सिनेमात वारंवार दिसतात, त्यांपैकी अनेकांचा मूळ अर्थ रक्षण, न्याय किंवा पुनर्जन्म असा होता. पडद्यावर ती भीतीची चिन्हे झाली. असे का घडले, हे समजण्यासाठी आधी मूळ अर्थ पाहणे इष्ट ठरेल.

हृदय आणि पीस

प्राचीन इजिप्शियन श्रद्धेनुसार मृत्यू हा प्रवासाचा एक टप्पा होता. मृताला ओसायरिस या परलोकाच्या अधिपतीसमोर उभे राहावे लागे. तेथे तराजूच्या एका पारड्यात त्याचे हृदय आणि दुसऱ्यात ‘मात’चे पीस ठेवले जाई. मात म्हणजे सत्य, न्याय आणि विश्वाची सुव्यवस्था यांची देवता. शहामृगाचे पीस हे तिचे चिन्ह. कोल्ह्याचे मस्तक असलेला अनुबिस तराजूकडे लक्ष देई आणि लेखनाचा देव थोथ निकाल नोंदवी. चित्रगुप्ताची वही ऐकून मोठ्या झालेल्या मराठी वाचकाला हे दृश्य परके वाटू नये. हृदय पापाने जड झालेले आढळले, तर मगर, सिंह आणि पाणघोडा यांच्या अवयवांनी घडलेली अम्मित ते गिळून टाकी. तो आत्म्याचा कायमचा अंत.

या प्रवासात साहाय्य व्हावे म्हणून थडग्यात पपायरसच्या गुंडाळ्या ठेवल्या जात. त्यांवरील मंत्रांच्या संग्रहाला आज ‘मृतांचा ग्रंथ’ म्हटले जाते. मूळ नावाचा अर्थ मात्र ‘दिवसाच्या उजेडात बाहेर येण्याचे मंत्र’ असा होतो. मृताने परलोकात सुखरूप पोहोचावे, एवढाच त्याचा हेतू होता.

अर्थाची उलटापालट

स्टीफन सॉमर्स दिग्दर्शित १९९९ च्या ‘द ममी’त हाच ग्रंथ प्रेत उठवणारी काळी पोथी होतो. त्याच चित्रपटातील माणसाच्या कातडीखाली शिरून मांस खाणारे किडे अनेकांच्या स्मरणात असतील. वास्तवातील स्कॅरॅब हा शेणाचे गोळे ढकलत नेणारा निरुपद्रवी भुंगेरा होय. त्याच्या गोळा ढकलण्यात इजिप्तच्या लोकांना क्षितिजावर सूर्य ढकलत आणणारा खेप्री हा देव दिसला. म्हणून भुंगेरा पुनर्जन्माचे प्रतीक ठरला. ममीच्या छातीवर दगडी भुंगेरा ठेवण्याची प्रथा होती. ‘हे हृदया, न्यायाच्या वेळी माझ्याविरुद्ध साक्ष देऊ नकोस’ अशा आशयाचा मंत्र त्यावर कोरलेला असे. मरणाऱ्याची इतकी मानवी धास्ती जपणारी ही वस्तू सिनेमात मरणाचेच कारण बनली.

अनुबिसचेही तसेच झाले. देहाला लेप लावून तो टिकवणारा आणि थडग्याची राखण करणारा हा देव. वाळवंटाच्या कडेने असलेल्या दफनभूमीत कोल्हे हिंडत. त्यांनाच राखणदाराचे रूप देऊन लोकांनी आपले भय शमवले असावे, असे अभ्यासक मानतात. २००१ च्या ‘द ममी रिटर्न्स’मध्ये मात्र अनुबिसच्या नावाने संहारक सैन्य अवतरले.

अपवादही आहेत. कार्ल फ्रॉइंड दिग्दर्शित १९३२ च्या ‘द ममी’त शेवटी नायिका आयसिस देवीचा धावा करते. देवीची मूर्ती हातातील जीवनचिन्ह उंचावते आणि इमहोतेपचा अंत होतो. मृत पतीचा देह शोधून त्यात प्राण फुंकणारी आणि पुत्र होरसचे रक्षण करणारी ही देवी त्या दृश्यात तरी आपल्या मूळ स्वभावाला धरून आहे.

शापाचा उगम

ममीची भीती सिनेमापेक्षा जुनी आहे. एकोणिसाव्या शतकातील युरोपीय कथा-कादंबऱ्यांतही ती आढळते. परंतु ती जगभर पसरली ती तुतानखामूनच्या थडग्यामुळे. ४ नोव्हेंबर १९२२ रोजी हॉवर्ड कार्टर यांच्या पथकाला त्याची पहिली पायरी सापडली. उत्खननाचे आश्रयदाते लॉर्ड कार्नार्व्हन यांचे ५ एप्रिल १९२३ रोजी कैरोत निधन झाले. डासाचा दंश चिघळून झालेली रक्तदुष्टी हे त्याचे कारण. वृत्तपत्रांनी मात्र ‘फॅरोचा शाप’ गाजवला. त्या थडग्यात असा कोणताही शापलेख सापडला नव्हता आणि स्वतः कार्टर १९३९ पर्यंत जगले. १९३२ च्या चित्रपटाची पटकथा लिहिणारे जॉन बाल्डरस्टन हे या उत्खननाचे वार्तांकन केलेले पत्रकार होते, ही बाब लक्षणीय आहे. बातमीतील शाप अशा रीतीने थेट पडद्यावर आला.

जिवंत श्रद्धा आणि मूक देवता

येथे भारतीय सिनेमाशी तुलना उद्बोधक ठरते. ३ मे १९१३ रोजी दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ गिरगावच्या कोरोनेशनमध्ये झळकला. त्यानंतर ‘लंका दहन’ आणि ‘कालिया मर्दन’ आले. पडद्यावर राम दिसताच प्रेक्षक हात जोडत, असे त्या काळाचे वर्णन केले जाते. पुराणकथा सांगणारा, ती ऐकणारा आणि तिच्यातील देव हे सारे एकाच परंपरेतले होते. कथेचा अर्थ बदलला, तर प्रेक्षक जाब विचारू शकत होता. इजिप्तच्या देवतांना असा भक्त उरलेला नव्हता. फिली येथील आयसिसचे मंदिर सहाव्या शतकात बंद झाले आणि तिची जाहीर उपासना संपली. पुढे तिची कथा परक्यांनी, परक्यांसाठी सांगितली.

भक्त असूनही दूरदेशीच्या कॅमेऱ्यापुढे काय होऊ शकते, हे भारताने १९८४ मध्ये पाहिले. स्टीव्हन स्पिलबर्ग यांच्या ‘इंडियाना जोन्स अँड द टेम्पल ऑफ डूम’मध्ये कालीमाता नरबळी मागणारी, हृदये उपटून घेणारी देवता म्हणून आली. भारत सरकारने पटकथेत बदल सुचवले. निर्मात्यांनी चित्रीकरण श्रीलंकेत केले. कोलकात्यापासून भिलाईपर्यंत जिची ‘आई’ म्हणून आराधना होते, तिचे असे रूप पाहून जी अस्वस्थता वाटते, तीच अनुबिसच्या बाबतीत आपल्याला सहसा वाटत नाही.

इजिप्तचा स्वतःचा आवाज

इजिप्तने या प्रतिमेला उत्तर दिले आहे. शादी अब्देल सलाम यांचा १९६९ चा ‘अल-मुमिया’ हा अरबी चित्रपट १८८१ मधील सत्य घटनेवर आधारित आहे. लक्सरजवळच्या डोंगरातील गुप्त थडग्यात रामेसिस दुसरा, सेती पहिला यांच्यासह अनेक राजांच्या ममी होत्या आणि एक कुटुंब तेथील वस्तू विकून गुजराण करीत होते. वडिलांच्या मृत्यूनंतर हे गुपित कळलेला तरुण पेचात सापडतो. पूर्वजांचे देह विकून जगायचे की आपल्याच माणसांचा रोष पत्करायचा? येथे एकही ममी उठून चालत नाही. भय वाटते ते जिवंतांच्या निवडीचे.

२०२२ च्या ‘मून नाइट’ या मालिकेच्या बहुतांश भागांचे दिग्दर्शन मोहम्मद दियाब या इजिप्शियन दिग्दर्शकाने केले. तिच्यात हृदय आणि पीस यांचा तराजू आहे, मृतात्म्यांना वाट दाखवणारी तावेरेत देवी आहे आणि भुंगेऱ्याचे चिन्ह धारण करणारी इजिप्शियन नायिकाही आहे. त्यापूर्वी, ३ एप्रिल २०२१ रोजी, कैरोत २२ राजे-राण्यांच्या ममी मिरवणुकीने नव्या संग्रहालयात नेण्यात आल्या. पडद्यावर भुते ठरलेल्या देहांना त्यांच्या देशाने राजसन्मान दिला.

ममी पाहण्यासाठी भारतीयांना कैरो गाठावे लागत नाही. महाराजा सयाजीराव गायकवाड यांनी उभारलेल्या बडोद्याच्या संग्रहालयात, तसेच हैदराबाद आणि जयपूर येथे त्या आहेत. ऑगस्ट २०२० मध्ये जयपूरच्या अल्बर्ट हॉलमध्ये पावसाचे पाणी शिरले, तेव्हा कर्मचाऱ्यांनी ‘तुतू’ नावाच्या स्त्रीची ममी पाण्यापासून वाचवली. ती एका पुरोहित कुटुंबातील होती, असे संग्रहालय सांगते. मृताचे नाव उच्चारले जाते तोवर तो जगतो, ही प्राचीन इजिप्तची धारणा होती. काचपेटीसमोर मुलांनी ‘हे भूत आहे का?’ असे विचारले, तर तिचे नाव सांगणे आणि छातीवरच्या भुंगेऱ्याचा खरा अर्थ उलगडणे हे मोठ्यांना सहज करता येण्याजोगे आहे.