व्हीएफएक्स: सॉफ्टवेअर आले म्हणजे कला आली का?

कॅमेऱ्याने टिपलेल्या दृश्यात नसलेली वस्तू बेमालूम मिसळणे, किंवा असलेली तितक्याच बेमालूमपणे काढून टाकणे, हे चित्रपट-मालिकांतील व्हीएफएक्स कलाकाराचे काम. बारावीनंतर या क्षेत्राची चौकशी करणाऱ्या घरांत एक समज हमखास आढळतो: सॉफ्टवेअर शिकले की झाले, बाकीचे संगणक करतो. हा समज साफ चुकीचा आहे. त्यापायी आईवडिलांचे पैसे आणि मुलांची उमेदीची वर्षे वाया जातात, म्हणून तो घातकही आहे.

साधा रोटोचा शॉट घ्यावा. नायकामागचे आकाश बदलायचे, तर आधी त्याची आकृती कडेकडेने वेगळी करावी लागते. चित्रपटात सेकंदाला 24 फ्रेम असतात. पाच सेकंदांच्या शॉटच्या झाल्या 120. हात हलला, केस उडाले की कड बदलते. मधल्या फ्रेम सॉफ्टवेअर भरून देते, पण चुकलेली कड ओळखायची माणसाच्या डोळ्यानेच. पुढे कंपोझिटिंगमध्ये, म्हणजे वेगवेगळे भाग एका चित्रात जुळवताना, नव्या आकाशाचा उजेड खांद्यावर कुठून पडेल, लांबचा डोंगर किती फिकट दिसेल, हे ठरवायचे असते. कोल्हापुरात रंकाळा तलावाच्या काठी बसून निसर्गचित्रे काढलेल्या मुलाला हे चटकन कळते. केवळ मेनू पाठ केलेल्याला नाही.

कोल्हापूरने तर हे शंभर वर्षांपूर्वीच दाखवून दिले. बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवत. त्यांच्या ‘सैरंध्री’ या चित्रपटातला (1920) कीचकवध इतका खरा वाटला की सेन्सॉरने त्याला कात्री लावली. तिथे संगणक नव्हता. छायाप्रकाशाची जाण होती. त्यांच्याच हाताखाली घडलेल्या दामले-फत्तेलाल यांनी ‘संत तुकाराम’मध्ये (1936) वैकुंठगमन पडद्यावर आणले.

संगणकाच्या काळातही ज्ञान आधीच लागते. ‘इंटरस्टेलर’ चित्रपटातले कृष्णविवर किप थॉर्न या भौतिकशास्त्रज्ञाच्या समीकरणांवरून साकारले. त्या कामावरचा शोधनिबंध 2015 मध्ये ‘क्लासिकल अँड क्वांटम ग्रॅव्हिटी’ या नियतकालिकात आला. त्याच्या लेखकांत थॉर्न यांच्यासोबत इफेक्ट्सचे काम करणारेही आहेत.

व्हीएफएक्स म्हणजे अ‍ॅनिमेशन, हाही गोंधळच: अ‍ॅनिमेशनपटात सारे जग घडवलेले असते, इथे घडवलेले चित्रित दृश्यात मिसळावे लागते. एकच कलाकार सगळे करतो असेही नाही; मोठ्या स्टुडिओत रोटो, मॅचमूव्ह (कॅमेऱ्याच्या हालचालीशी जुळवणी), लायटिंग, कंपोझिटिंग अशी खाती वेगळी असतात. मोठ्या नावाच्या स्टुडिओत नोकरी कायमची, हेही खोटे: ‘लाइफ ऑफ पाय’ला व्हीएफएक्सचे ऑस्कर मिळाले, त्याच महिन्यात, फेब्रुवारी 2013 मध्ये, ते काम करणाऱ्या ऱ्हिदम अँड ह्यूजने दिवाळखोरीचा अर्ज केला होता. आणि प्रमाणपत्रावर काम मिळत नाही. स्टुडिओ शोरील, म्हणजे कलाकाराच्या कामाची चित्रफीत, पाहतो: एक-दोन मिनिटांची, मोजक्या शॉटची, प्रत्येक शॉटमध्ये स्वतःचे काम नेमके कोणते हे स्पष्ट लिहिलेली.