मनीप्लांटचे माहेर आणि सासर

मनीप्लांट विकत आणू नये, दुसऱ्याच्या घरून चोरून आणावा, म्हणजे घरात पैसा येतो, असा एक समज आपल्याकडे घट्ट रुजला आहे. त्यामुळे ज्यांच्या गॅलरीत ही वेल जोमाने वाढते, त्यांच्याकडे आलेली पाहुणेमंडळी निघताना एखादी फांदी हळूच पिशवीत सरकवतात आणि यजमानीणबाई पाहूनही न पाहिल्यासारखे करतात! अशा वेलीने कुणाची तिजोरी भरल्याचे ऐकिवात नाही. ती चार महिन्यांत पिवळी पडून केरात गेल्याचे मात्र घरोघरी ऐकू येते. असे का व्हावे?

उत्तर वेलीच्या माहेरी सापडते. पॅसिफिक महासागरात ताहितीशेजारी मोओरिया नावाचे लहानसे बेट आहे. तेथली ही लेक. माहेरच्या दमट रानात ती मोठ्या झाडांच्या सावलीत, बुंध्याला बिलगून वर चढते. रखरखीत ऊन तिच्या वाट्याला येत नाही, पण मिट्ट काळोखही नसतो. पाऊस भरपूर, पण पालापाचोळ्याच्या भुसभुशीत मातीत पाणी तुंबत नाही. सासरी, म्हणजे आपल्या दोन खोल्यांत, तिला हेच मिळाले की झाले.

खिडकीजवळ, पण उन्हाची तिरीप थेट अंगावर येणार नाही अशी जागा तिला द्यावी. कोपऱ्यातल्या अंधारात ती जगते खरी, पण पानांवरची पिवळी-पांढरी नक्षी पुसट होते. पाणी घालण्यापूर्वी मातीत बोट खुपसून पाहावे. वरची इंचभर माती कोरडी लागली तरच पाणी घालावे. प्रेमापोटी रोज तांब्याभर पाणी ओतणाऱ्या घरांतच ही वेल अधिक मरते, कारण चिखलात मुळांना हवा मिळत नाही व ती कुजतात. कुंडीला खाली भोक हवे, आणि मातीत थोडी वाळू व कुजलेले शेणखत मिसळावे. काठीला नारळाचा काथ्या गुंडाळून तिच्यावर वेल चढवली तर पाने मोठी होत जातात. खाली लोंबत सोडली तर लहानच राहतात.

या वेलीचे फूल आपल्यापैकी कुणी पाहिले आहे काय? बहुधा नाही. फुलण्यासाठी लागणारे जिबरेलिन नावाचे द्रव्य तिच्या अंगी पुरेसे तयारच होत नाही, असे संशोधकांनी २०१६ साली दाखवून दिले. फूल नाही म्हणून बी नाही. फांदीवाचून तिची वाढावळ नाही. तेव्हा चोरीच्या प्रथेत एवढे तरी वनस्पतिशास्त्र आहेच! फांदी घेताना मात्र तिच्यावर निदान एक पेर असावे. मुळे पेराशीच फुटतात. नुसते पान पाण्यात ठेवून वेल होत नाही.

आता दोन गोष्टी जरा गंभीरपणे सांगावयाच्या आहेत. ही वेल अळवाच्या कुळातली. अळूला चिंच का घालतात, हे आपल्या गृहिणींना सांगायला नको. घसा खवखवविणारे तेच सुईसारखे स्फटिक या पानांतही असतात. मूल किंवा मांजर पान चावले तर तोंडाची आग होते, सूज येते. म्हणून रांगत्या बाळाच्या हाताला वेल लागू देऊ नये.

दुसरी गोष्ट अनुभवाची. आमच्या दिवाणखान्यात निळ्या बाटलीत वाढवलेली वेल म्हणजे घराचे भूषण होते. एका पावसाळ्यात डासांच्या तपासणीला आलेल्या कर्मचाऱ्याने बाटलीवर विजेरीचा झोत टाकला, आणि आत वळवळणाऱ्या अळ्या पाहून आम्ही खजील झालो. पाणी संपले की वरून भर घालायची, एवढेच आम्ही करीत होतो! डेंग्यू पसरविणारा डास अशाच स्वच्छ, साचलेल्या पाण्याजवळ अंडी घालतो आणि आठ-दहा दिवसांत नवे डास उडू लागतात. अंडी पाण्याच्या वर, बाटलीच्या आतल्या काठाला चिकटलेली असतात व कोरडी होऊनही महिनोन् महिने टिकतात. म्हणून नुसते पाणी बदलून भागत नाही. आठवड्यातून एकदा सगळे पाणी ओतून बाटली आतून ब्रशने खसखसून घासावी, मुळेही धुवावीत. कुंडीखालच्या बशीत साचलेले पाणीही ओतून टाकावे.

पावसाळा सरून दिवाळी येते, तेव्हा हा ताप अनेक घरांत मुक्काम ठोकून असतो. दिवाळीची साफसफाई करताना माळ्यावरच्या डब्यांबरोबर ही बाटलीही खाली उतरवावी, ओल्या फडक्याने पानांवरची धूळ पुसावी. आणि छाटलेली एखादी फांदी, शेजारणीने चोरण्यापूर्वी, आपणच तिच्या हाती द्यावी. पैसा येवो न येवो, बाटली दर आठवड्याला घासावयाची, एवढे मात्र तिला बजावून सांगावे.