एकोणचाळीस मिनिटे

आमच्या घाटकोपरच्या घरी आजोबांचे जन्मटिपण अजून जपून ठेवलेले आहे. जन्म १९२१ चा, गिरगावातला. वेळ : रात्रौ ८ वा. ५० मि., आणि पुढे कंसात 'मुं. टा.' गेल्या वर्षी भाचीने ही वेळ संगणकात घालून पत्रिका काढली, तर लग्नरास भलतीच आली. घरात चांगलाच वाद झाला. संगणक खोटा की जुने गुरुजी खोटे? दोघेही खरे होते. भाचीने तो कंस सोडून दिला होता, एवढेच.

पत्रिकेवर माझा विश्वास नाही. पण त्या कंसाने मला वर्षभर झोंबत ठेवले. काळ अस्थिर झाला आहे, एका ग्रहावर एक वेळ तर शेजारच्या ग्रहावर दुसरी, आणि दोन सत्ता घड्याळावरून भांडताहेत, अशा विज्ञानकथा आपण दिवाळी अंकांतून आवडीने वाचतो. त्यातले एक युग याच शहरात होऊन गेले आणि ते १९५५ पर्यंत चालले, हे मात्र आपण विसरून गेलो आहोत.

मुळात प्रत्येक गावाची वेळ वेगळी, हेच नैसर्गिक. सूर्य डोक्यावर आला की माध्यान्ह. पृथ्वी एक अंश फिरायला चार मिनिटे घेते, म्हणून पूर्वेकडच्या गावात दुपार आधी होते. काटेकोर हिशेब केला तर घाटकोपरची दुपारदेखील कुलाब्याच्या वीसेक सेकंद आधी होते, म्हणजे पळभराचाच फरक. घटिकापात्र बुडण्यावर मुहूर्त धरणाऱ्यांना त्याची फिकीर नव्हती. मुंबईची वेळ ठरवायला कुलाब्याची वेधशाळा होती. १८२६ साली ईस्ट इंडिया कंपनीने ती उभारली, तीही जहाजांना अचूक वेळ मिळावी म्हणून. ग्रिनिचच्या पुढे ४ तास ५१ मिनिटे, ही मुंबई वेळ. मद्रास ५ तास २१ मिनिटे, कलकत्ता ५ तास ५३ मिनिटे.

घोटाळा केला आगगाडीने. १६ एप्रिल १८५३ रोजी पहिली गाडी बोरीबंदरहून निघून आमच्या घाटकोपरच्या शिवारातून ठाण्याला गेली, तेव्हा ठाण्याची आणि बोरीबंदरची वेळ जवळपास एकच होती. पण लोहमार्ग देशभर पसरले तसे प्रत्येक गावची वेळ सांभाळणे अशक्य झाले. रेल्वेने मग मद्रासची वेळ घेतली. मद्रास साधारण मध्यावर होते आणि तिथे १७९२ पासूनची वेधशाळा होती. परिणामी मुंबईकर आपल्या घड्याळात बघून निवांत निघायचा आणि गाडी अर्ध्या तासापूर्वीच गेलेली असायची.

१८८१ मध्ये गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांना वाटले की शहरालाच मद्रास वेळ लावून टाकावी. (पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजच्या नावातले तेच हे गृहस्थ.) हुकूम निघाला, पण शहर ऐकेना. राजाबाई टॉवर तेव्हा नवा होता, १८७८ चा. प्रेमचंद रायचंद यांनी आईच्या नावाने दिलेल्या पैशातून उभा राहिलेला. विद्यापीठाला त्या घड्याळात मुंबईचीच वेळ हवी होती. सरकारने घड्याळाच्या दिवाबत्तीचा खर्च नाकारून पाहिला. मला या भांडणातला हा भाग सर्वांत आवडतो : साम्राज्य विरुद्ध घड्याळ, आणि साम्राज्याच्या हातात हत्यार म्हणून दिव्याचे बिल! १८८३ मध्ये सरकारने माघार घेतली.

दुसरा हल्ला जास्त जोराचा होता. १ जानेवारी १९०६ पासून साडेब्याऐंशी रेखांशाची, ग्रिनिचपुढे साडेपाच तासांची प्रमाणवेळ आली. रेल्वेला मद्रासवरून फक्त ९ मिनिटे पुढे सरकायचे होते. कलकत्त्याला सुमारे २३ मिनिटे मागे यावे लागत होते. मुंबईला मात्र ३९ मिनिटांची उडी होती. कर्झनच्या कारकिर्दीतला निर्णय, बंगालची फाळणी होऊन अडीच महिने झालेले. वेळही वरून लादली जाते आहे, हे लोकांना न सांगता कळले.

याची पहिली झळ पेढीवाल्याला बसली नाही. गिरणीचा भोंगा घड्याळातल्या त्याच आकड्याला वाजणार होता, पण सूर्याच्या हिशेबाने ३९ मिनिटे आधी. म्हणजे जानेवारीच्या अंधारात, थंडीत, उठायचे आणखी लवकर. त्याच महिन्यात हजारो गिरणी कामगारांनी माग थांबवले, दगडफेक झाली. या लढ्याच्या आठवणी निघतात तेव्हा फिरोजशहा मेहतांचे नाव निघते, आणि ते रास्तच आहे. प्रमाणवेळेला विरोध करणाऱ्यांत ते पुढे होते आणि त्याच वर्षी नगरपालिकेने मुंबई वेळेच्या बाजूने कौल दिला. पण ज्यांची खरोखरची झोप गेली त्यांची नावे कुठे लागत नाहीत.

त्यानंतर जवळजवळ पन्नास वर्षे या शहराने दोन वेळा सांभाळल्या. स्टेशनात बारा, तर पालिकेच्या घड्याळात अकरा एकवीस. लग्नपत्रिकेत मुहूर्तापुढे 'स्टँ. टा.' छापायची पद्धत याच काळजीपोटी. भरीला महायुद्ध आले. १ सप्टेंबर १९४२ ते १५ ऑक्टोबर १९४५ प्रमाणवेळच एक तास पुढे ढकललेली होती. घाटकोपर १९५० साली मुंबई महापालिकेत आले, आणि पाच वर्षांनी, १९५५ मध्ये, मुंबई वेळ संपली. काही अग्याऱ्यांत मात्र ती अजून चालते. विधींच्या प्रहरांना सूर्याशी जमवून घ्यावे लागते.

तसे ते आपल्यालाही लागते. घाटकोपरला सरासरी माध्यान्ह आजही १२ वाजून ३८ मिनिटांनी होते. सूर्यही घड्याळासारखा नेमका नाही : दिवाळीच्या सुमारास तो १२.२२ लाच माथ्यावर येतो, फेब्रुवारीच्या मध्याला १२.५२ पर्यंत रेंगाळतो.

भाचीने ८.५० मध्ये ३९ मिळवले. ९ वाजून २९ मिनिटे. एवढ्यात राशिचक्र जवळजवळ दहा अंश वर आलेले असते. लग्नरास टिपणाशी जुळली. आई खूश झाली आणि लगेच मोठ्या काकांचे टिपण घेऊन आली. काका जन्मले नोव्हेंबर १९४३ मध्ये. वेळ लिहिली आहे, 'रात्रौ ११ वा.' पुढे कंस नाही.