पायऱ्या उतरून पाहायचा इतिहास

श्पायर हे जर्मनीतलं, ऱ्हाइन नदीकाठचं एक छोटं शहर. तिथलं भव्य कॅथेड्रल १९८१ पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे. पर्यटकांच्या बसगाड्या त्याच्यासमोर थांबतात, तासाभरात फोटो काढून होतात आणि गाड्या पुढच्या गावाला निघतात. पण कॅथेड्रलपासून जेमतेम पाच-सात मिनिटं चालत गेलं, की एका शांत गल्लीत ‘युडेनहोफ’ लागतं, म्हणजे ज्यूंचं आवार. तिथे जमिनीवर फारसं काही उरलेलं नाही. सिनेगॉगच्या, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळाच्या, काही भिंती आणि थोडी हिरवळ, एवढंच. खरा ऐवज खाली आहे. दगडी पायऱ्यांनी सुमारे दहा मीटर खोल उतरलं, की गार, नितळ पाण्याचं एक चौकोनी कुंड समोर येतं. हे श्पायरचं मिकवे, बाराव्या शतकाच्या पूर्वार्धात बांधलेलं शुद्धिस्नानाचं ठिकाण.

या कुंडात पाणी कुणी ओतलेलं नाही. ज्यू धर्मशास्त्राप्रमाणे शुद्धिस्नानाला घागरींनी भरलेलं पाणी चालत नाही. ते पावसाचं, झऱ्याचं किंवा जमिनीतून आपोआप झिरपलेलं असावं लागतं. म्हणून पाणी लागेपर्यंत खणलं गेलं आणि मग त्या खोलीतच जिना, कमानी, कपडे बदलायची जागा असं सगळं दगडात बांधून काढलं. मासिक पाळीनंतर, बाळंतपणानंतर, लग्नाच्या आधी बायका या पायऱ्या उतरत. ऱ्हाइनला पाणी चढलं, की कुंडातली पातळीही वर येते.

या कुंडाच्या काठी चाळीस माणसं उभी राहू शकत नाहीत. मध्ययुगीन ज्यू वारसा दाखवणाऱ्या सहली दहा-पंधरा जणांच्याच असतात, त्यामागे पहिलं कारण हे असं अगदी व्यवहारी आहे. दुसरं कारण थोडं खोलातलं. इथे पाहायच्या गोष्टी लहान असतात: एखादा शिलालेख, भिंतीतली अरुंद खिडकी, झिजलेली समाधीशिळा. त्या स्वतःहून बोलत नाहीत. कुणीतरी जाणकार शेजारी उभा राहून सांगतो, तेव्हा त्या कळतात. मोठ्या घोळक्यातल्या मागच्या माणसापर्यंत ते सांगणं पोचतच नाही.

श्पायर, वोर्म्स आणि माइन्ट्स ही तीन शहरं मिळून ‘शूम’ हे नाव तयार झालं. तिन्हींच्या हिब्रू नावांची आद्याक्षरं जोडून ते बनलं, आणि हिब्रूत ‘शूम’चा अर्थ होतो लसूण. ज्यू समाजाच्या ‘अश्कनाझी’ म्हणवल्या जाणाऱ्या, मध्य आणि पूर्व युरोपात पसरलेल्या शाखेची पाळंमुळं या त्रिकुटात रुजलेली आहेत. कोकणातल्या बेने इस्रायली समाजाची परंपरा वेगळी, तिचा या घराण्याशी संबंध नाही. २०२१ साली युनेस्कोने शूम शहरांना वारसा यादीत घेतलं. जर्मनीतल्या ज्यू वारशाला तो मान तेव्हा पहिल्यांदा मिळाला.

श्पायरमध्ये ज्यू आले ते बोलावणं आल्यामुळे. १०८४ साली बिशप रूडिगर हुत्समान याने त्यांना राहायला जागा दिली, भोवती संरक्षक भिंत दिली, दफनभूमीला जमीन दिली आणि व्यापाराची मुभा दिली. ज्यू आल्याने आपल्या गावाची प्रतिष्ठा कितीतरी पटींनी वाढेल, असं त्याने सनदेत लिहून ठेवलं. पुढे अवघ्या बारा वर्षांत, १०९६ मध्ये, पहिल्या धर्मयुद्धासाठी जेरुसलेमकडे निघालेल्या टोळ्या ऱ्हाइनकाठच्या ज्यूंवर तुटून पडल्या. श्पायरमध्ये अकरा जण मारले गेले. बाकीच्यांना तिथल्या बिशपने आश्रय दिला. हिब्रू वृत्तांतांनुसार वोर्म्समध्ये सुमारे आठशे माणसं गेली. माइन्ट्समध्येही शेकडो.

चांगला गाईड इथे घाई करत नाही. ज्यू आणि जर्मनी हे दोन शब्द शेजारी आले, की बहुतेकांच्या मनात १९३३ ते १९४५ एवढीच वर्षं उभी राहतात. मग मध्ययुगसुद्धा नुसत्या कत्तलींची यादी म्हणून ऐकलं जातं. पण १०९६ नंतर हीच माणसं परत आली आणि श्पायरमध्ये ११०४ साली नव्या सिनेगॉगचं उद्घाटन झालं. आज दिसणारं कुंड त्या हत्याकांडानंतरचं आहे. ही गोष्ट तारखा क्रमाने मांडून सांगितली, की दहा मीटर खालचं ते पाणी वेगळं दिसू लागतं.

श्पायरहून वोर्म्स सुमारे चाळीस किलोमीटर. इथलं पहिलं सिनेगॉग १०३४ साली याकोब आणि राहेल या जोडप्याच्या देणगीतून उभं राहिलं, आणि त्यांची नावं असलेला शिलालेख आजही टिकून आहे. देणगीदार म्हणून नवऱ्याबरोबर बायकोचंही नाव दगडात कोरलेलं! १२१२-१३ मध्ये शेजारी बायकांच्या प्रार्थनेसाठी स्वतंत्र दालन बांधलं गेलं. तिथे प्रार्थनेत बायकांचं गायन सांभाळणारी उरानिया १२७५ साली वारली. तिच्या समाधीशिळेवर तिच्या गाण्याचा उल्लेख आहे. एलाझार या रब्बीची, म्हणजे धर्मगुरूची, पत्नी डोल्चा ११९६ मध्ये घरात घुसलेल्या हल्लेखोरांच्या हातून दोन मुलींसह मारली गेली. एलाझारने तिच्यावर लिहिलेलं शोककाव्य उपलब्ध आहे. ती घरखर्च कसा चालवायची, पोथ्यांची पानं कशी शिवायची, इतर बायकांना प्रार्थना कशा शिकवायची, हे सगळं त्यातून कळतं.

वोर्म्समध्ये आणखी एक नाव कानावर पडत राहतं: राशी. रब्बी श्लोमो यित्झाकी या नावाचा तो संक्षेप. फ्रान्समधल्या ट्रुआ गावचा हा विद्यार्थी १०६० च्या सुमारास माइन्ट्स आणि वोर्म्सला शिकायला आला होता. तोरा आणि तालमूद या ग्रंथांवर त्याने पुढे लिहिलेलं भाष्य आजही मूळ संहितेशेजारी छापलं जातं. मूळ ग्रंथ आणि भाष्य हातात हात घालून वाचायची सवय असलेल्या मराठी वाचकाला त्याचं मोल वेगळं सांगायला नको.

वोर्म्सचं आज दिसणारं सिनेगॉग मात्र पुन्हा उभारलेलं आहे. नोव्हेंबर १९३८ मध्ये नाझींनी ते जाळलं आणि उरलेल्या भिंती पुढे पाडून टाकल्या. १९६१ साली ते जमेल तितके मूळ दगड वापरून परत बांधलं गेलं. त्या धामधुमीतून एक पोथी वाचली. १२७२ साली लिहिलेली आणि वोर्म्सच्या सिनेगॉगमध्ये शतकानुशतकं वापरलेली ती सणांच्या प्रार्थनांची पोथी होती. नगराच्या दफ्तरखान्याचे प्रमुख फ्रीडरिश इलर्ट यांनी ती कॅथेड्रलमध्ये दडवून ठेवली. आता ती जेरुसलेमच्या राष्ट्रीय ग्रंथालयात आहे. तिच्यातल्या एका शब्दाच्या मोठ्या अक्षरांच्या पोटात यिडिश भाषेतलं, तारीख ठाऊक असलेलं सर्वांत जुनं वाक्य लिहिलेलं आहे. ही जड पोथी उचलून सिनेगॉगपर्यंत नेणाऱ्या माणसाला त्यात शुभ दिवस चिंतला आहे.

मग गट ‘हायलिगर झांड’कडे, म्हणजे ‘पवित्र वाळू’ या दफनभूमीकडे निघतो. मूळ जागी टिकून राहिलेली ही युरोपातली सर्वांत जुनी ज्यू दफनभूमी मानली जाते. अकराव्या शतकातल्या शिळा इथे उभ्या आहेत. दोन हजारांहून अधिक शिळा, काही कललेल्या, काही गवतात अर्ध्या रुतलेल्या. दोन शिळांसमोर सगळे थांबतात. रोथेनबुर्गचे रब्बी मायर यांना राजा रुडॉल्फने १२८६ मध्ये कैद केलं. आपल्यासाठी खंडणी भरायला त्यांनी समाजाला मनाई केली, अशी परंपरा सांगते. १२९३ साली ते कैदेतच वारले, तरी मृतदेह सोडला गेला नाही. चौदा वर्षांनी, १३०७ मध्ये, अलेक्झांडर बेन शलोमो या व्यापाऱ्याने पैसे मोजून तो सोडवला. बदल्यात त्याने फक्त एवढंच मागितलं की आपल्याला त्यांच्याशेजारी पुरावं. त्या दोन शिळा आजही शेजारी शेजारी आहेत. माथ्यावर लोकांनी ठेवलेले खडे आणि चिठ्ठ्या असतात. ज्यू रिवाजात समाधीवर फुलांऐवजी खडा ठेवतात.

माइन्ट्समध्ये थांबायचं ते मुख्यतः गेर्शोम बेन यहूदा यांच्यासाठी. हे साधारण ९६० ते १०२८ या काळातले. त्यांच्या नावावर असलेले तीन निर्बंध ऐकताना गटातली माणसं हमखास एकमेकांकडे बघतात. एकापेक्षा जास्त बायका करू नयेत. बायकोच्या संमतीशिवाय तिला घटस्फोट देऊ नये. दुसऱ्याचं पत्र उघडून वाचू नये. हजार वर्षांपूर्वी व्यापारी पत्रांवर पोट भरणाऱ्या समाजात हा तिसरा नियम किती महत्त्वाचा असेल, ते सहज लक्षात येतं. १४३८ मध्ये ज्यूंना माइन्ट्समधून हाकललं गेलं, तेव्हा त्यांच्या समाधीशिळा उपटून बांधकामात वापरल्या गेल्या. शहरात खोदकामं होत गेली तशा त्या सापडत गेल्या आणि १९२६ साली जुन्या जागी पुन्हा मांडल्या गेल्या. शहरात २०१० पासून नवं सिनेगॉगही आहे, मान्युएल हेर्त्स या वास्तुविशारदाने आखलेलं. गटाला इथे आजचा समाज भेटतो. त्यातली बरीच कुटुंबं पूर्वीच्या सोव्हिएत संघातून आलेली आहेत.

अशा सहलीचं वेळापत्रक शनिवारभोवती आखावं लागतं. शुक्रवारी संध्याकाळी शब्बाथ, म्हणजे ज्यूंचा साप्ताहिक विश्रांतीचा दिवस, सुरू होतो आणि शनिवारी दफनभूमीची दारं बंद असतात. आत जाताना पुरुषांनी डोकं झाकायचं असतं. मिकवेचा उतार दमवणारा आणि पायऱ्या ओलसर, त्यामुळे गुडघेदुखी असलेल्यांना आधीच सूचना द्यावी लागते. सप्टेंबरच्या सुरुवातीला युरोपभर ज्यू संस्कृती दिन साजरा होतो. एरवी बंद असलेल्या काही वास्तू तेव्हा उघडतात, म्हणून अनेक गट तो मोसम निवडतात.

शूमच्या तीन शहरांनंतर सहलीतलं चौथं शहर एरफुर्ट, फ्रँकफर्टहून जलद गाडीने साधारण सव्वादोन तासांवर. २०२३ मध्ये तेही वारसा यादीत आलं. इथल्या जुन्या सिनेगॉगमधली काही लाकडं १०९४ च्या सुमाराची आहेत. मार्च १३४९ मध्ये प्लेगच्या काळात शहरातल्या ज्यूंची कत्तल झाली. नंतर ही इमारत गोदाम झाली. पुढे तिथे उपाहारगृह आलं, नाचाचा हॉल आला. ती मुळात काय होती, हे विसरलं गेल्यामुळेच नाझींच्या नजरेतून ती सुटली. २००९ पासून तिथे संग्रहालय आहे. मिकवेदेखील अचानक सापडलं, २००७ मध्ये, दुकानांनी भरलेल्या प्रसिद्ध क्रेमरब्रुके पुलाजवळ, गेरा नदीच्या काठाला.

संग्रहालयाच्या तळघरात १९९८ साली सापडलेला खजिना मांडला आहे. मिखाएलिसस्ट्रासं या रस्त्यावरच्या एका घराच्या तळघरात तो पुरलेला होता: ३,१४१ चांदीची नाणी, चांदीच्या १४ लगडी आणि सातशेच्या वर दागिने व कलाकुसरीच्या वस्तू. ते घर काल्मान फोन वीहे या सावकाराचं होतं आणि १३४९ च्या हल्ल्याच्या भीतीने त्याने हे सारं दडवलं असावं, असं संशोधक मानतात. न्यायला परत कुणी आलं नाही.

या सगळ्यात एक सोन्याची लग्नाची अंगठी आहे. तिच्यावर खडा नाही. खड्याच्या जागी गॉथिक शैलीचं चिमुकलं घर आहे, आणि खालच्या बाजूला एकमेकांत गुंफलेले दोन हात. छपरावर ‘मझल टोव’ ही सहा हिब्रू अक्षरं, म्हणजे शुभेच्छा. ती इतकी बारीक आहेत की काचेला नाक टेकल्याशिवाय दिसत नाहीत. गट रांग लावतो. एकेक जण पुढे येतो, वाकतो, अक्षरं शोधतो, आणि मागचा माणूस त्याची सहाही अक्षरं शोधून होईपर्यंत थांबून राहतो.