परळच्या प्रयोगशाळेतील वैद्यक

मुंबईतील परळला 1926 पासून रुग्णसेवेत असलेल्या केईएम रुग्णालयाशी सेठ गोर्धनदास सुंदरदास वैद्यकीय महाविद्यालय जोडलेले आहे. तेथील शरीरक्रियाशास्त्र, म्हणजे निरोगी देहाचे व्यापार अभ्यासणारी शाखा, आणि औषधशास्त्र, म्हणजे औषध देहावर कसे परिणाम करते आणि देह त्या औषधाचे काय करतो हे तपासणारी शाखा, या दोन्हींत अध्यापन आणि संशोधन ही एकाच नोकरीची दोन अंगे मानली जातात. एमबीबीएसनंतर तीन वर्षांची एमडी करून साहाय्यक प्राध्यापक होणे हा येथील रूढ मार्ग आहे. खाजगी व्यवसायाची कमाई येथे नसल्याने अनेक विद्यार्थी हा मार्ग टाळतात, आणि ते स्वाभाविकही आहे.

या वाटेचे मोल डॉ. शरदिनी डहाणूकर यांच्या कामात स्पष्ट दिसते. येथेच औषधशास्त्राच्या प्राध्यापक असलेल्या डहाणूकरांनी गुळवेलीसारख्या आयुर्वेदीय वनस्पतींचा प्रतिकारशक्तीवरील परिणाम आधी प्राण्यांवर तपासला आणि पुढे शल्यचिकित्सकांच्या साह्याने, पित्तमार्ग अडून कावीळ झालेल्या, म्हणजे शस्त्रक्रियेनंतर जंतुसंसर्गाचा धोका अधिक असलेल्या, रुग्णांमध्ये त्याची पडताळणी केली. प्रयोगशाळा आणि रुग्णकक्ष एकाच आवारात नसते, तर असे संशोधन फार अवघड झाले असते. मानवी चाचणीला नीतिविषयक समितीची मान्यता आणि रुग्णाची माहितीपूर्वक संमती आज अनिवार्य आहे.