हरेगावची परिषद आणि भीतीचा हिशेब

मन घट्ट केले की भीती पळून जाते, असे सांगणारी पुस्तके एस.टी. स्टँडवरच्या स्टॉलवर ढिगाने मिळतात. ज्याला वाचायची असतील त्याने ती जरूर वाचावीत. पण आपल्या वाडवडिलांची भीती पाहायची तर त्यांच्या भाकरीपासून सुरुवात करावी लागते.

महारकी म्हणजे काय, हे आज कॉलेजात जाणाऱ्या मुलामुलींना समजावून सांगावे लागते. येसकराची पाळी आली की हातात घुंगराची काठी घेऊन गावात फिरायचे. सरकारी टपाल आणि वसुलीचा पैसा पोहोचवायचा. आलेल्या साहेबाची बडदास्त ठेवायची, मेलेली जनावरे ओढायची, आणि गावात कुणी मयत झाले तर ऊन-पाऊस न पाहता परगावी सांगावा घेऊन पळायचे. मोबदला म्हणून हाडकी-हाडवळ्याचा तुकडा, सुगीला खळ्यावरचे बलुते आणि दारोदार मागून आणलेली शिळी भाकर. कामाला तास नाहीत, रजा नाही. मी वाणिज्य शाखेचा पदवीधर, त्यामुळे सवयीने जमाखर्च मांडून पाहतो. खर्चाची बाजू पूर्ण आपली आणि जमेच्या बाजूला जे काही येईल ते दुसऱ्याच्या मर्जीवर. मर्जी फिरली की चूल विझली. अशा माणसाला नुसते ‘भिऊ नकोस’ म्हणून काय उपयोग?

मुंबई सरकारने १९२८ साली स्टार्ट समिती नेमली होती. बाबासाहेब तिचे सभासद होते. समितीचा अहवाल १९३० मध्ये आला. अस्पृश्यांना बहुतेक ठिकाणी आर्थिक स्वातंत्र्यच नाही, आणि त्यांनी हक्क मागितला की हीच दुबळी बाजू धरून त्यांना नमवले जाते, अशी नोंद त्यात आहे. कामावरून काढायचे, कसायला दिलेली जमीन परत घ्यायची, वहिवाटीची वाट अडवायची, वाण्याने मीठ-मिरची द्यायची नाही. हात न उगारता अख्खी वस्ती गुडघ्यावर आणायची ही रीत. बहिष्काराची ही रीत आजही सगळी गेली आहे, असे मला वाटत नाही.

बाबासाहेबांनी भीतीचे हे मूळ नेमके ओळखले होते. म्हणून १९२८ सालीच त्यांनी मुंबई कायदे मंडळात वतनाच्या कायद्यात दुरुस्ती सुचविणारे बिल मांडले. आणि म्हणूनच १६ डिसेंबर १९३९ रोजी ते आपल्या नगर जिल्ह्यात (आता अहिल्यानगर), आजच्या श्रीरामपूर तालुक्यातील हरेगावला आले. महार, मांग आणि वेठिया वतनदारांची ती परिषद. सरकारने वतनी जमिनींवर वाढीव जुडी बसवली होती, तिच्याविरुद्ध आवाज उठवायचा होता. राबवून घेताना पगार द्यायचा नाही आणि वर त्याच जमिनीवर आकार वाढवायचा, असा तो उरफाटा कारभार.

या परिषदेविषयी बोलताना आपण वक्त्यांचीच नावे घेतो. मला मात्र समोर बसलेल्यांचा विचार जास्त येतो. परिषदेला जायचे म्हणजे एक दिवस गावकी बुडवायची. परत आल्यावर पाटील विचारणार, कुठे गेला होतास? प्रत्येकाचे नाव वतनाच्या कागदावर होते, आणि कागदावर नाव असलेल्या माणसाला गर्दीत लपता येत नाही. तरीही माणसे गेली. त्यांची भीती गेली होती का? कशी जाणार? ती सोबत घेऊनच गेली असतील. पण आपल्यासारखाच भ्यालेला माणूस शेजारी बसलेला दिसला, म्हणजे भीतीचे ओझे वाटून घेतल्यासारखे होते.

वतने कायद्याने खालसा करणारा अधिनियम पुढे १९५८चा, बाबासाहेबांच्या महापरिनिर्वाणानंतरचा. त्याआधी आणि १९५६च्या धम्मदीक्षेनंतर कितीतरी गावांत लोकांनी स्वतःहूनच मेलेली ढोरे ओढणे आणि भाकर मागणे सोडले. इथे घरातल्या बायांचा वाटा सांगितलाच पाहिजे, कारण तो सहसा कुणी सांगत नाही. ‘उद्यापासून भाकर मागायची नाही’ हा ठराव चावडीपुढे पुरुषांनी हात वर करून केला. संध्याकाळी रिकाम्या टोपलीसमोर आणि रडणाऱ्या पोरांसमोर उभी राहिली ती बाई. तिचा हात कोणत्याही इतिवृत्तात नोंदलेला नाही.

आपल्याच जिल्ह्यातल्या अकोले तालुक्यातील धामणगावचे दया पवार. त्यांचे ‘बलुतं’ १९७८ साली आले. पुस्तकाचे नाव नुसते वाचले तरी वरचा सगळा हिशेब डोळ्यासमोर येतो. त्यात दगडू पवार आपली कहाणी दया पवारला सांगतो. म्हणजे शिकून शहाणा झालेला माणूस आतल्या भेदरलेल्या पोराला समोर बसवतो आणि बोलू देतो. आपल्यातल्याच काहींना ते तेव्हा रुचले नाही, घरची लक्तरे वेशीवर कशाला टांगायची म्हणून. मला विचाराल तर मोर्चात घोषणा देण्यापेक्षा ते काम अवघड होते.

तथागतांनीही आपली भीती लपवली नाही. मज्झिम निकायात भयभेरव नावाचे सुत्त आहे. जाणुस्सोणि नावाच्या ब्राह्मणाला भगवंत सांगतात की, संबोधी मिळण्यापूर्वी रानात एकटे राहताना मलाही भय वाटे. पक्षातल्या ठरावीक रात्री ते मुद्दाम भयाण जागी जाऊन राहत. एखादे हरीण जवळून जाई, मोराच्या पायाने काटकी मोडे, वाऱ्याने पाचोळा सळसळे, आणि वाटे, आले ते भय! मग त्यांनी ठरवले की ज्या स्थितीत भय येईल त्याच स्थितीत त्याला जिंकायचे. चालताना आले तर ते जाईपर्यंत चालतच राहायचे, बसलेले असताना आले तर उठायचे नाही. यात मंत्र, ताईत, नवस काही नाही. आवाज कशाचा आहे ते नीट पाहायचे आणि जागा सोडायची नाही, एवढेच.

ऑगस्ट २०२३ मध्ये त्याच हरेगावात शेळी आणि कबुतरे चोरल्याच्या नुसत्या संशयावरून चार दलित मुलांना झाडाला उलटे टांगून मारले. १९३९ची परिषद जिथे झाली तेच हे गाव. बातमी वाचून दोन दिवस अन्न गोड लागले नाही. पण तक्रार दिली गेली आणि गुन्हा नोंदला गेला, हेही सांगितले पाहिजे. एकेकाळी असा मार खाऊन माणसे रातोरात गाव सोडत.

आज हातात कायदा आहे, तो माहीत असावा. ॲट्रॉसिटीचा कायदा १९८९चा, अंमल ३० जानेवारी १९९० पासून. १९९५च्या नियमांप्रमाणे तपास पोलीस उपअधीक्षकापेक्षा खालच्या दर्जाच्या अधिकाऱ्याने करायचा नाही. २०१५ची दुरुस्ती २६ जानेवारी २०१६ पासून लागू झाली. तिने सामाजिक व आर्थिक बहिष्कार, नुसती त्याची धमकीसुद्धा, गुन्हा ठरवली. पीडितांना आणि साक्षीदारांना संरक्षण व प्रवासखर्च मिळण्याचा हक्कही तिनेच दिला. तोंडी सांगितलेली फिर्याद लिहून घेऊन वाचून दाखवायची, मग सही घ्यायची आणि तिची प्रत द्यायची. हे कर्तव्य जाणूनबुजून टाळणाऱ्या लोकसेवकालाही शिक्षा आहे.

कारकुनीत वीस वर्षे काढल्यावर एक जोड मी माझ्या पदरची देतो. कोणताही अर्ज दोन प्रतींत न्या. एक त्यांना द्या, दुसरीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. क्रमांक पडलेला कागद सहजासहजी हरवत नाही. साहेबाला तो पक्का ठाऊक असतो, म्हणून त्याचा आवाज खाली येतो.

आमच्या भागातली एक शेतमजूर ताई वाट अडवल्याची तक्रार घेऊन माझ्याकडे आली, तेव्हा तिला धड बोलवत नव्हते. एका कार्यालयाने तिला दोनदा परत पाठवले होते. ‘दादा, सही केली तर उद्या कामाला कोण बोलवील?’ हा तिचा प्रश्न. त्याला माझ्याकडे उत्तर नव्हते. वस्तीतल्या चार बायांनी मिळून दिले. तिची मजुरी बुडेल त्या दिवशी आम्ही पायलीभर ज्वारी काढून ठेवू, असे त्या म्हणाल्या. मग तिने सही केली, अर्जाला क्रमांक पडला. आता तिचा जबाब व्हायचा आहे. त्या दिवशी तिच्याबरोबर दोघी जाणार आहेत, आणि तिच्या पोरांना कुणी सांभाळायचे ते येत्या रविवारी विहारात ठरेल.