दुक्ममधलं घर, घरातली हवा आणि फिल्टरवाल्याशी करायचा करार

आजचा विषय दुक्ममधल्या घरांचा आहे. पण सोहारपासून सलालापर्यंत, आणि पलीकडे दुबई-दोह्यातही, ज्यांच्या खिडकीच्या कठड्यावर सकाळी बोटाने नाव लिहिता येतं, त्या सगळ्यांच्या तो उपयोगाचा आहे. घरातली हवा स्वच्छ राहावी म्हणून यंत्र घ्यायचं, त्याच्या देखभालीचा वर्षाचा करार करायचा, तर कोणाशी करायचा आणि काय विचारून करायचा?

मुख्य मुद्दा आधीच सांगू या. चांगलं यंत्र आज कुठूनही मागवता येतं. वेळेवर फिल्टर बदलायला येणारा माणूस मिळणं अवघड. दुक्म मस्कतपासून साधारण ५५० किलोमीटरवर आहे, गाडीने पाच-सहा तासांची वाट. म्हणून इथे करार करताना आधी येणाऱ्या माणसाची चौकशी करायची, यंत्राची नंतर. कागद-पेन जवळ घ्या, काही आकडे लिहून ठेवण्यासारखे आहेत.

ही धूळ येते कुठून?

जून ते सप्टेंबर आपल्याकडे कोकणात जो नैर्ऋत्य मोसमी वारा पाऊस घेऊन येतो, तोच वारा त्याआधी सोमालिया आणि ओमानच्या किनाऱ्याला घासून जातो. रत्नागिरीला तो कौलं भिजवतो. दुक्मला मात्र तो जवळजवळ कोरडाच वाहतो, आणि दिवसेंदिवस थांबत नाही. त्याच्यामुळे समुद्राच्या तळचं थंड पाणी वर येतं, म्हणून मस्कत तापलेलं असतं तेव्हा दुक्मची हवा बरी असते. पण याच वाऱ्यासोबत वाळू, माती आणि समुद्राचं मीठ घरात शिरतं. थंडीच्या दिवसांत उत्तरेकडून आणि वायव्येकडून वारा सुटला की वाळवंटातली धूळ येते. शिवाय २०११ मध्ये इथे विशेष आर्थिक क्षेत्र जाहीर झालं तेव्हापासून बंदर, रस्ते, इमारती यांचं काम चालू आहे. खोदलेली माती आणि ट्रकची वर्दळ यांचीही भर पडते.

म्हणजे दुक्मच्या घरात तीन प्रकारचे कण असतात. पहिले जाड कण, म्हणजे वाळू-माती. त्यातले बरेच नाकात-घशात अडकतात. दुसरे बारीक कण, अडीच मायक्रॉनपेक्षा लहान, ज्यांना पीएम २.५ म्हणतात. हे फुप्फुसात खोल जातात. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२१ च्या शिफारशीनुसार २४ तासांची सरासरी पीएम २.५ साठी घनमीटरला १५ मायक्रोग्रॅम आणि पीएम १० साठी ४५ मायक्रोग्रॅमच्या आत असावी. तिसरे कण आपणच तयार करतो. फोडणीचा धूर, पापलेट तळतानाचा धूर, उदबत्ती, धूप, आणि इथे राहून लागलेली लोबान-बखूरची सवय. बाहेर वारा शांत असताना घरातल्या बारीक कणांचं मोठं कारण बहुधा आपलं स्वयंपाकघर आणि देवघर असतं.

आधी फटी, मग फिल्टर

कोणी सेवा देणारा घरात येऊन सरळ यंत्राची किंमत सांगू लागला, तर त्याला थांबवा. आधी त्याने घर बघायला हवं. दाराखालची फट, सरकत्या खिडकीचे झिजलेले रबर, एसीच्या पाइपसाठी भिंतीला पाडलेलं आणि नीट न बुजवलेलं भोक, या तीन जागांतून येणारी धूळ अडवायला फारच थोडे रियाल लागतात. दाराला खालून ब्रशची पट्टी, खिडकीला नवीन रबर, भोकाला सिलिकॉन. भाड्याचं घर असेल तर मालकाला आणि कंपनीचं घर असेल तर देखभाल विभागाला आधी विचारा. कंपनीच्या घरात एसीची साफसफाई बऱ्याचदा त्यांच्याकडेच असते. जे फुकट मिळतं त्याचे पैसे दुसऱ्याला देऊ नका.

एक बारीक गोष्ट. बाथरूमचा किंवा स्वयंपाकघरातला एक्झॉस्ट फॅन हवा बाहेर फेकतो, तेवढीच हवा कुठून तरी आत येते. सगळं बंद असेल तर ती वाऱ्याच्या बाजूच्या फटींतून, धूळ घेऊन येते. म्हणून फोडणी देताना फॅन जरूर लावा, पण वाऱ्याच्या पाठच्या बाजूची एक खिडकी थोडी उघडा. आणि केर काढताना कोरडा झाडू टाळा, कारण बसलेली धूळ त्याने पुन्हा उडते. ओल्या फडक्याने पुसणं उत्तम.

स्प्लिट एसीबद्दल एक गैरसमज दूर करू या. स्प्लिट एसी बाहेरची हवा आत आणत नाही, खोलीतलीच हवा फिरवतो. त्याची जाळी जाड धूळ अडवते, बारीक कण अडवत नाही. काही जण जाळीवर जाड कापड किंवा फिल्टरचा तुकडा लावतात. त्याने हवेचा ओघ कमी होतो आणि आतल्या कॉइलवर बर्फ धरू शकतो. जाळी दर आठवड्याला धुवा, पूर्ण वाळवून लावा, एवढं पुरे.

खोली मोजा

आता प्युरिफायरकडे येऊ. डब्यावर सीएडीआर असा आकडा असतो, म्हणजे यंत्र तासाला किती स्वच्छ हवा देतं. तुमची खोली ४ मीटर लांब, ४ मीटर रुंद आणि ३ मीटर उंच आहे असं धरा. चार चोक सोळा, सोळा त्रिक अठ्ठेचाळीस, म्हणजे ४८ घनमीटर हवा. ती तासातून पाच वेळा गाळली जावी असं धरलं, तर ४८ गुणिले ५, म्हणजे तासाला २४० घनमीटर सीएडीआर हवा. आकडा घनफूट प्रति मिनिट असा दिला असेल तर त्याला १.७ ने गुणा. २४० घनमीटरसाठी सुमारे १४१ घनफूट प्रति मिनिट लागतात.

डब्यावरचा आकडा यंत्र सगळ्यात वेगाने चालत असतानाचा असतो. रात्री त्या आवाजात झोप लागत नाही, मग आपण वेग कमी करतो आणि स्वच्छ हवाही कमी होते. म्हणून मधल्या वेगावर किती सीएडीआर मिळतो ते विचारा. 'अमुक इतक्या चौरस मीटरसाठी' एवढंच सांगणाऱ्याला हा गुणाकार करून दाखवायला लावा.

फिल्टर खऱ्या हेपा दर्जाचा हवा. युरोपच्या पद्धतीत एच १३ हा दर्जा असतो. अडवायला सगळ्यात अवघड अशा आकाराचे ९९.९५ टक्के कण तो अडवतो. 'हेपा टाइप' किंवा 'हेपासारखा' असं लिहिलं असेल तर तो हेपा नव्हे. वास घालवायचा असेल तर कोळशाचा, म्हणजे ॲक्टिव्हेटेड कार्बनचा थर लागतो. तिथे एकच प्रश्न विचारा: कार्बन किती ग्रॅम? पातळ जाळीवर शिंपडलेला कार्बन लवकर संपतो. आणि गॅसची गळती किंवा कार्बन मोनॉक्साइड यांवर प्युरिफायर हा उपाय नाही. त्यासाठी वेगळा अलार्म लागतो.

हिरव्या दिव्यावर विसंबू नका

बऱ्याच यंत्रांवर हवा चांगली असल्याचा हिरवा दिवा असतो. आतला छोटा सेन्सर प्रकाशाने कण मोजतो. त्याला बारीक धूर चांगला दिसतो, पण वाळवंटातली जाड धूळ नीट दिसत नाही. म्हणून टेबलावर धुळीचा थर आणि दिवा मात्र हिरवा, असं दुक्ममध्ये होऊ शकतं. उलट पावसाळी महिन्यांत हवा दमट असते, धुकं येतं. ते खिडकीतून आत आलं की हाच सेन्सर पाण्याच्या थेंबांना कण समजून आकडा फुगवतो. यंत्र 'ऑटो'वर ठेवून निश्चिंत होऊ नका. वाऱ्याच्या दिवशी वेग स्वतः वाढवा.

सेवा देणाऱ्याकडे मोजण्याचं वेगळं उपकरण असायला हवं. त्याला चार मोजमापं करायला सांगा: घराबाहेर, बंद बेडरूममध्ये, फोडणी दिल्यावर लगेच, आणि यंत्र तासभर चालवल्यावर. पहिल्या आणि शेवटच्या आकड्यात फरक दिसला, तर पैसे द्यायला आधार मिळाला. जमलं तर आठवडाभर यंत्र चाचणीसाठी ठेवून घ्या, त्यात एक तरी वाऱ्याचा दिवस येऊ द्या.

करारात काय लिहून घ्यायचं?

पहिलं, येणारा माणूस राहतो कुठे? दुक्ममध्ये, हैमाला की मस्कतला? मस्कतहून येणार असेल तर फेरीचे पैसे वेगळे का, आणि बोलावल्यावर किती दिवसांत येणार?

दुसरं, फिल्टर कधी बदलायचा? पुस्तिकेत बारा महिने लिहिलेलं असतं, पण तो अंदाज कमी धुळीच्या घराचा असू शकतो. धुळीने फिल्टर बुजला की त्यातून हवाच कमी जाते. यंत्र चालू दिसतं, आवाजही येतो, पण खोलीला पुरेशी स्वच्छ हवा मिळत नाही. करारात महिन्यांसोबत तपासणीही लिहून घ्या: वाऱ्याच्या हंगामाआधी मे महिन्यात एक फेरी, आणि हंगाम संपल्यावर ऑक्टोबरमध्ये एक.

तिसरं, तीन वर्षांचा खर्च काढा. समजण्यापुरते आकडे घेऊ: यंत्र ६० रियाल, फिल्टर १८ रियाल. वर्षाला एकदा बदलला तर तीन वर्षांत दोन नवे फिल्टर, एकूण ९६ रियाल. सहा महिन्यांनी बदलावा लागला तर पाच नवे फिल्टर, एकूण १५० रियाल. यावर फेऱ्यांचे पैसे आणि ५ टक्के व्हॅट. स्वस्त यंत्र महाग पडतं ते असं. एक जादा फिल्टर घरात ठेवायला मागा, म्हणजे गाडी आली नाही तरी अडणार नाही.

चौथं, भारतातून यंत्र आणणार असाल तर आधी त्याच मॉडेलचा फिल्टर ओमानमध्ये मिळतो का बघा. वीज दोन्हीकडे ५० हर्ट्झची, व्होल्टेजही जवळपास सारखं. प्लग मात्र इथे चौकोनी तीन पिनांचा लागतो. अडचण प्लगची नसते, फिल्टरची असते. दर सहा महिन्यांनी तो पुण्याहून कोणाच्या सामानात कोंबणार?

पाचवं, बदललेला जुना फिल्टर तुम्हाला दाखवायचा, आणि नव्यावर तारीख तुमच्यासमोर लिहायची. पावती लेखी, आणि घरातली व्यक्ती हजर असताना.

कशाला नाही म्हणायचं?

ओझोन सोडणारी यंत्रं घरात नकोत. झेरॉक्सच्या मशीनजवळ येतो तसा वास आला तर ओझोनचा संशय घ्या. तो फुप्फुसाला त्रास देतो, दम्याच्या माणसाला अधिक. कॅलिफोर्नियात घरगुती यंत्रांतून निघणाऱ्या ओझोनवर ०.०५० पीपीएमची कायदेशीर मर्यादा आहे.

व्हिलात राहत असाल तर एसीच्या नळ्या, म्हणजे डक्ट, दरवर्षी साफ करण्याचा आग्रह होईल. अमेरिकेच्या पर्यावरण संरक्षण संस्थेचं म्हणणं आहे की डक्ट साफ केल्याने आजार टळतात असं सिद्ध झालेलं नाही. आत बुरशी, उंदीर-किडे दिसले, किंवा जाळीतून धूळ बाहेर उडत असेल, तर जरूर साफ करा. नुसती सवय म्हणून नको.

आणि कोणी 'आता खिडकी कधीच उघडू नका' म्हणालं तर तेही ऐकू नका. प्युरिफायर कार्बन डायऑक्साइड कमी करत नाही. चार माणसं रात्रभर बंद खोलीत झोपली की सकाळी डोकं जड होतं. वारा पडलेला असेल तेव्हा दहा-पंधरा मिनिटं घर मोकळं करा.

पैसे एकाच यंत्रापुरते असतील तर ते दिवाणखान्यात पाहुण्यांना दिसेल असं ठेवू नका. ज्या खोलीत लहान मूल, दम्याचा माणूस किंवा गावाहून आलेले आजी-आजोबा झोपतात तिथे ठेवा, दार बंद करून. माणूस सलग सात-आठ तास श्वास घेतो ती हीच खोली. आणि रात्रीचा खोकला, छातीतली घरघर थांबत नसेल तर डॉक्टरांकडे जा. यंत्र आलं म्हणून इन्हेलर आपल्या मनाने बंद करू नका. यंत्र औषधाच्या जोडीला असतं, औषधाच्या जागी नाही.

तर मंडळी, या आठवड्यात एवढंच करा: खोली मोजा, गुणाकार करा, दाराखाली हात धरून वारा लागतो का बघा. मग फिल्टरवाल्याला फोन लावा आणि पहिला प्रश्न विचारा, 'भाऊ, तुम्ही राहता कुठे?'

भेटू पुढच्या भागात. काळजी घ्या, नमस्कार!